पुरावे सर

लग्न खामगावातलं, पंगत दुसरी. नवरीचे मामा आग्रहाची पोळी वाढत आमच्यासमोर आले आणि पोळीसोबत त्यांनी घराण्याचा मोठेपणाही वाढला. "आमच्या पणज्यानं बालगंधर्वाले जेवू घातलं होतं, पाटावर बसवून!"

माझ्या शेजारून आवाज आला, "पुरावा?"

"पुरावा कायचा सर, घरचीच गोष्ट हाये."

"साल?"

"असन तवाचंच कोणतं तरी."

"पणजोबा कधी वारले?"

"एकोणीसशे अकरा. समाधीवर कोरलं हाये नं."

सरांनी वरणात बुडवलेला घास ताटात परत ठेवला. "गंधर्व नाटक मंडळी निघाली १९१३ साली. पणजोबा त्याच्या दोन वर्षं आधी गेले. मग जेवू कोणी घातलं?"

आजूबाजूच्या पाच-सहा ताटांवरचे हात थांबले. मामांनी पोळ्यांची परात या हातातून त्या हातात घेतली आणि जे तोंडाला आलं ते बोलून टाकलं, "मंग कंपनी निघायच्या आंधी आले असतीन. पोरगंसोरगं असन तवा. पोरगं समजूनच जेवू घातलं असन!"

आता सरच गप्प झाले. बालगंधर्व १९०५ पासून किर्लोस्कर मंडळीत होते, तेव्हा त्यांना मिसरूडही नीट फुटलेलं नव्हतं. मामांनी अंधारात मारलेला दगड नेमका आंब्याला लागला होता. उजवा हात वरणाचा होता म्हणून सरांनी डाव्या हाताने खिशातली वही काढली आणि वेड्यावाकड्या अक्षरात लिहिलं: 'शक्यता नाकारता येत नाही. मामा (नवरीचे) यांची तोंडी साक्ष. समाधी पाहणे.'

समाधी त्यांनी पाहिली. तिसऱ्याच दिवशी. नवरीची पाठवणी झाली, मांडव उतरला, आणि थकून झोपलेल्या मामांना दुपारी दीड वाजता उठवून सर त्यांना उन्हात मळ्यात घेऊन गेले.

जिल्हाभर त्यांना पुरावे सर म्हणतात. खरं आडनाव मी देत नाही, कारण ते छापलं तर ऱ्हस्व-दीर्घाचाही पुरावा मागतील. तसा हा माणूस एकटा नव्हे. प्रत्येक तालुक्यात असा एक असतो. मराठीचे निवृत्त मास्तर, खांद्याला शबनम, शबनमला डांबरगोळ्यांचा वास, चष्म्याची एक काडी दोऱ्याने बांधलेली, आणि चालता चालता जुनं घर दिसलं की पाऊल आपोआप हळू. लोक पडक्या वाड्यापुढे उभे राहून 'प्लॉट किती स्क्वेअर फूट असेल' म्हणतात, हा मनुष्य म्हणतो, "माळ्यावर ट्रंका असतील."

सरांनी हाती घेतलेल्या ग्रंथाचं नाव आहे 'मराठी रंगभूमी आणि वाङ्मय यांचा साद्यंत इतिहास: बुलढाणा जिल्ह्याच्या विशेष संदर्भात'. खंड सात. काम सुरू होऊन बावीस वर्षं झाली. आमच्याकडे जळगाव-जामोद तालुक्यात भेंडवळ म्हणून गाव आहे. अक्षय तृतीयेला तिथे घटमांडणी होते आणि दुसऱ्या दिवशी पहाटे पाऊस किती पडेल, पिकं कशी येतील याचं भाकीत सांगतात. दरवर्षी त्याच सुमारास टपरीवर कोणीतरी सरांनाही विचारतं, "सर, औंदा पुस्तक येते का?" सर म्हणतात, "यंदा नक्की." दोन्ही भाकितं लोक सारख्याच श्रद्धेने ऐकतात आणि पेरणी आपापल्या हिशेबाने करतात.

या उद्योगाला निमित्त झालं ते एका ५ नोव्हेंबरचं. मराठी रंगभूमी दिन. तालुक्याच्या सभागृहात बाहेरगावचे वक्ते आले होते. त्यांनी विष्णुदास भाव्यांपासून सुरुवात केली, १८४३ साली सांगलीला झालेलं 'सीतास्वयंवर', चिंतामणराव पटवर्धनांचा राजाश्रय, मग किर्लोस्करांचं १८८० सालचं 'शाकुंतल', मग देवल, खाडिलकर, गडकरी. सांगली, पुणे, मुंबई, पुन्हा पुणे. भाषण एक्सप्रेस गाडीसारखं निघालं आणि वऱ्हाडातल्या एकाही स्टेशनावर थांबलं नाही. शेवटी प्रश्नोत्तरांत मागच्या रांगेतला एक कापसाचा व्यापारी उठला आणि निरागसपणे म्हणाला, "हे समदं झालं तिकडं. मंग तवा आमच्याकडचे लोक काय करून राह्यले होते?"

वक्ते पाणी प्याले. सभागृह हसलं. सर हसले नाहीत. त्याच रात्री त्यांनी दोनशे पानी वही घेतली आणि पहिल्या पानावर लिहिलं, 'तेव्हा आमच्याकडचे लोक काय करीत होते?' हा प्रश्न खरं तर चांगला आहे. अडचण एवढीच की सर तो मुळापासून सोडवायला बसले.

मुळापासून म्हणजे किती? पहिल्या खंडाच्या पहिल्या प्रकरणात लोणारला उल्का पडते. मी भीत भीत विचारलं, "सर, नाटकाचा याच्याशी काय संबंध?" सर म्हणाले, "लीळाचरित्रात चक्रधरस्वामी लोणारला आल्याचं आहे. मेहकरला आल्याचं आहे. मराठी गद्य आपल्या जिल्ह्यातून पायी चालत गेलंय. मग लोणारचं वर्णन नको? आणि लोणारचं वर्णन करायचं तर सरोवर कसं झालं ते नको?" प्रकरण तिथेच अडलं, कारण उल्का पन्नास हजार वर्षांपूर्वी पडली की पाच लाखांहून अधिक, यावर शास्त्रज्ञांचं एकमत नाही. मराठी रंगभूमीचा साद्यंत इतिहास पुढची तीन वर्षं खड्ड्याच्या काठावर बसून होता.

'पहिलं' या शब्दाशी सरांचं वैर आहे. पहिलं मराठी नाटक कोणतं असं कोणी विचारलं की ते आधी समोरच्याला खाली बसवतात. सांगलीचं १८४३ सालचं म्हणावं, तर तंजावरच्या भोसले राजांच्या दरबारात सतराव्या शतकाच्या अखेरीपासून मराठी नाटकं लिहिली जात होती. लिहिलेलं स्वतंत्र सामाजिक नाटक म्हणावं, तर जोतीराव फुल्यांचं 'तृतीय रत्न' १८५५ सालचं. छापील ऐतिहासिक नाटक म्हणावं, तर कीर्तन्यांचं 'थोरले माधवराव पेशवे' १८६१ सालचं. शेवटी सर चष्मा पुसतात आणि निकाल देतात, "पहिलं हा शब्द दिसला की समजावं, शोधणारा तिथे दमला." आपण कधी दमणार याबद्दल मात्र ते बोलत नाहीत.

सरांचं दैवत श्रीपाद कृष्ण कोल्हटकर. घरात देवांच्या फोटोंच्या ओळीत गजानन महाराजांच्या शेजारी कोल्हटकरांचा फोटो आहे आणि गुरुवारी हाराचं एक फूल तिकडेही जातं. मराठी विनोदाचा हा मूळपुरुष (मूळपुरुष म्हटलं की सर पुरावा मागतात, पण इथे मागत नाहीत) आमच्या भागात वकिली करत होता, हे जिल्ह्यातल्या निम्म्या वकिलांनाही माहीत नाही. कोल्हटकर जन्मले नागपूरला १८७१ साली, गेले पुण्याला १९३४ साली. पण त्यांनी वकिली केली ती अकोला, खामगाव आणि जळगाव-जामोद इथे. 'वीरतनय', 'मूकनायक', 'मतिविकार' लिहिणारा, गडकऱ्यांनी ज्यांना गुरू मानलं तो नाटककार, महाराष्ट्रगीताचा कवी, १९२७ च्या साहित्य संमेलनाचा अध्यक्ष, आणि 'सुदाम्याचे पोहे'तला तो सुदामा, बंडूनाना आणि पांडूतात्यांचा जन्मदाता. हा मनुष्य काळा कोट घालून आमच्या बांधाच्या, वाटणीच्या भांडणांत उभा राहत असे! "जन्म नागपूरचा, मृत्यू पुण्याचा," सर म्हणतात, "मधलं आयुष्य वऱ्हाडाचं. आणि माणूस मधेच तर जगतो."

आता जळगाव म्हटलं की उरलेल्या महाराष्ट्राला खानदेशातलं केळीचं जळगाव आठवतं. त्यामुळे कुठल्याही दिवाळी अंकात 'कोल्हटकर जळगाव येथे वकिली करीत' असं छापून आलं की दुसऱ्या दिवशी सरांचं पोस्टकार्ड निघतं. मजकूर एकच शब्दाचा: 'जामोद!' खाली सही. संपादकांना हा मनुष्य कोण, जामोद म्हणजे शिवी की आशीर्वाद, काहीच कळत नाही. एकाने तर ते 'वाचकांचा प्रतिसाद'मध्ये छापलंही: 'अंक आवडला. जामोद!'

याहून मोठं भांडण अकोल्याशी आहे. अकोल्यात सरांसारखेच एक संशोधक आहेत, तितकेच निवृत्त, तितकेच चिवट. दोघं एकमेकांना कधी भेटलेले नाहीत, पण पत्रव्यवहार जाड आहे. मुद्दा असा: खामगाव आणि जळगाव हे तालुके १९०५ च्या ऑगस्टमध्ये अकोला जिल्ह्यातून काढून बुलढाण्याला जोडले गेले. तेव्हा त्याआधी खामगावात जे काही लिहिलं-बोललं गेलं ते अकोल्याचं की बुलढाण्याचं? अकोलेकर म्हणतात, जन्मदाखला जिथला मूल तिथलं. सर म्हणतात, सातबारा आज कुणाच्या नावावर आहे ते पाहा. एकदा सरांनी तडजोड सुचवली: ऑगस्ट १९०५ च्या आधीचा विनोद अकोल्याने घ्यावा, नंतरचा आम्ही घेतो. अकोल्याहून उत्तर आलं, 'सुदाम्याचे पोहे'तला पहिला लेख 'साक्षीदार' १९०२ सालचा आहे, म्हणजे मुहूर्त आमचा, तुमच्याकडे नुसती पंगत. या पत्रानंतर सर दोन दिवस जेवले नाहीत.

पण 'साक्षीदार' या शब्दाने त्यांच्या डोक्यात किडा सोडला. वकिलाने पहिला विनोदी लेख साक्षीदारावर लिहिला, म्हणजे समोरच्या पिंजऱ्यात कोणीतरी खराखुरा साक्षीदार उभा असणार. तो कोण? कोणत्या खटल्यात? सर एका सरकारी कचेरीच्या अभिलेखागारात जाऊन थडकले. ती कचेरी कोणती ते सांगत नाही, पण तिथल्या पंख्याचा आवाज मला अजून ऐकू येतो. बाबूंनी अर्ज वाचला, उलटा करून वाचला, आणि शांतपणे विचारलं,

"तुमी पक्षकार हाये काय?"

"नाही."

"पक्षकाराचे वारस?"

"नाही."

"वकील?"

"वकील वारले. १९३४ ला."

"म्हंजे वकील वारला, पक्षकार वारला, साक्षीदार वारला. मंग नक्कल तुमाले कायले पाह्यजे?"

"इतिहासासाठी."

बाबूंनी कपाटाकडे पाहिलं, पंख्याकडे पाहिलं, आणि म्हणाले, "सर, त्या नावाचा कोणताच अर्जदार आमच्या यादीत नाही."

सरांना राग आला नाही. बाहेर आल्यावर ते म्हणाले, "त्याचं बरोबर आहे. आपलं वऱ्हाड आधी निजामाचं, १८५३ पासून इंग्रजांच्या ताब्यात, १९०३ ला मध्य प्रांताला जोडलेलं, १९५६ ला मुंबई राज्यात, १९६० ला महाराष्ट्रात. एवढ्या वेळा बिऱ्हाड बदललं तर कागद गहाळ होणारच. आम्ही एकदा घर बदललं तर खलबत्त्याचा बत्ता सापडला नव्हता." मग थोडं थांबून, "अजून सापडला नाही."

बत्त्याची गोष्ट सरांच्या बायकोसमोर, म्हणजे आमच्या काकूंसमोर, काढायची नसते. काकूंच्या घरात तीन खोल्या आहेत. दोनांत सामग्री राहते आणि तिसरीत सामग्री येणार आहे. गहू ठेवायच्या कोठीत गहू नाहीत, 'विविधज्ञानविस्तार'चे सुटे अंक आहेत. गव्हाला लागते तशी त्यांनाही कीड लागते, पण गहू निवडता येतात. दिवाळीच्या आधी काकू झाडलोट काढतात तेव्हा सर चार दिवस घराबाहेर पाय ठेवत नाहीत. कारण एका वर्षी काकूंनी रद्दी दिली होती आणि सर रद्दीवाल्याच्या हातगाडीमागे बाजारपेठेपर्यंत बनियनवर धावले होते. त्या गठ्ठ्यात काय होतं असं मी विचारलं. सर म्हणाले, "मला काय माहीत? पाहायचं राहिलं होतं, म्हणूनच तर धावलो." काकूंचं मत वेगळं आहे. त्या मला एकदा म्हणाल्या, "कसर कागद खाते म्हणून हे डांबरगोळ्या आणतात. पण एवढी वर्षं झाली, कसरीनं निदान वाचून तरी संपवलं. यांचं अजून चालूच हाये."

सरांच्या गुरुस्थानी आणखी एक माणूस आहे: शंकर गणेश दाते. १८०० पासूनच्या मराठी ग्रंथांची सूची करायला हा मनुष्य एकट्याने बसला आणि ती त्याने पुरी केली. सर 'मराठी ग्रंथसूची'चे खंड कपाळाला लावून उघडतात. मी एकदा म्हणालो, "सर, दात्यांनी केलं की पुरं. तुमचं का होत नाही?" सर म्हणाले, "त्यांनी छापलेल्या पुस्तकांची सूची केली. मी न छापलेल्यांची करतोय. ती वाढतच जाते." यावर काय बोलणार?

आमच्या जिल्ह्याचे दोन भाग. बुलढाणा, चिखली, मेहकर घाटावर. खामगाव, मलकापूर, नांदुरा, जळगाव घाटाखाली. घाटावरचे घाटाखालच्यांना उकाड्याचे म्हणतात, घाटाखालचे घाटावरच्यांना थंड डोक्याचे म्हणतात, आणि ते कौतुक नसतं. सरांच्या इतिहासातही दुसरा खंड 'घाटावरचे वाङ्मय' आणि तिसरा 'घाटाखालचे वाङ्मय' असे आहेत. घाटावरच्या खंडाचे नायक कवी ना. घ. देशपांडे. जन्म सिंदखेडराजाचा, १९०९ चा; आयुष्य मेहकरात, आणि पेशा पुन्हा वकिलीचाच! त्यांची 'शीळ' जी. एन. जोशींनी ध्वनिमुद्रिकेवर गायली आणि मराठी भावगीताला घरोघरचं दार उघडलं. पुढे १९८६ साली त्यांना 'खूणगाठी'साठी साहित्य अकादमीचा पुरस्कार मिळाला. कोल्हटकर वकील, ना. घ. वकील, यावरून सरांनी सिद्धांत मांडला की या जिल्ह्यात साहित्य कोर्टात पिकतं. सिद्धांताची खातरी करायला ते महिनाभर सगळ्या तालुक्यांच्या बाररूममध्ये जाऊन 'आपण काही लिहिता का?' असं विचारत फिरले. प्रत्येक वकील 'हो' म्हणाला. त्यातल्या अकरा जणांनी त्यांना कविता ऐकवल्या, दोघांनी महाकाव्य. सिद्धांत खरा ठरला, पण सर त्यानंतर आठवडाभर काळा कोट दिसला की रस्ता ओलांडत.

आता एका साडीची गोष्ट सांगायला हवी, नाहीतर सरांवर अन्याय होईल.

पूर्णेपलीकडे सातपुड्याच्या बाजूला एक खेडं आहे. तिथल्या एका म्हातारीच्या माळ्यावर नाटकाची वही असल्याचं सरांना एसटीच्या कंडक्टरकडून कळलं. (कंडक्टर हे सरांचे मुख्य वार्ताहर. तिकिटाच्या मागच्या बाजूला ते गावांची नावं लिहून देतात. आजवरची सगळी तिकिटं सरांकडे 'प्राथमिक साधने' म्हणून फायलीत आहेत.) मी बरोबर होतो. ट्रंक उघडली. वर पितळी मुकुट, खाली मुरदाडशिंग आणि हिंगुळाच्या पुड्या, रंग कधीच उडून गेलेला, त्याखाली लाल कापडात बांधलेली 'सौभद्र'ची हस्तलिखित नक्कल. गावातल्या हौशी मंडळींनी मारुतीच्या देवळापुढे केलेलं नाटक. म्हातारीचे सासरे सुभद्रा झाले होते. म्हातारी म्हणाली, "ते इतकं लाजत की माहेरून आलेल्या मले काही शिकवायचं राह्यलंच नाही."

सर ओसरीवर मांडी घालून बसले आणि तीन दिवस नक्कल उतरवून घेतली. मी मोबाइलवर फोटो काढतो म्हणालो तर म्हणाले, "फोटोत कागद येतो. हाताने उतरवलं की माणूस येतो." नक्कल उतरवता उतरवता त्यांना मागच्या पानांवर सापडला हिशेब. आणि खरं सांगतो, तोवर मला हा सगळा रिकामा उद्योग वाटत होता; त्या हिशेबाने मीसुद्धा वाकून पाहायला लागलो. गॅसबत्तीचं भाडं. पेटीवाल्याला शिधा. सफेदा आणि खोबरेल. पडद्याच्या दोरीला सुंभ. सुभद्रेला पायात ठेच लागली म्हणून हळद. तालमीला रोज चहाऐवजी गूळ-पाणी, कारण वर्ष दुष्काळाचं. भाषणातल्या एक्सप्रेस गाडीने जे स्टेशन गाळलं होतं, ते इथे होतं, दिवाबत्तीसकट. आणि शेवटची नोंद: 'पाटलीणबाईंची पैठणी, सुभद्रेकरिता, परत केली.' त्याखाली दुसऱ्या शाईत, दुसऱ्या हाताने: 'नाही.'

बस. त्या 'नाही'ने सरांचे सहा महिने खाल्ले. म्हातारीच्या घराण्यात आणि पाटलांच्या घराण्यात तेव्हापासून येणं-जाणं बंद होतं. का बंद ते दोन्हीकडच्या पोरांना ठाऊक नव्हतं. भांडण वारशाने आलं होतं, कारण आलं नव्हतं. सरांनी ते कारण आणून दिलं. दोन्ही घरी जाऊन त्यांनी पुरावे मागायला सुरुवात केली. पैठणीचा रंग कोणता? काठ कसा? परत देताना साक्षीला कोण? अक्षर कुणाचं? पाटलांच्या घरच्या जुन्या पावत्या काढून त्यांनी भिंगाखाली 'ना'चा काना ताडून पाहिला. संध्याकाळी सातला येत, साडेनऊला जात. चौथ्या महिन्यात म्हाताऱ्या बाईच्या नातवाने आणि पाटलांच्या नातवाने पाणवठ्यावर एकमेकांना गाठलं. पिढ्यांनंतर पहिल्यांदाच दोन घराण्यांत शब्द झाला, आणि तो शब्द होता, "तुमच्याकडं बी येतात का हो ते?"

दोघांनी मिळून ठरवलं. म्हातारीच्या घरून नवीन पैठणी पाटलांकडे गेली, पाटलांकडून म्हातारीला लुगडं आलं, गावजेवण झालं. सरांना हाताला धरून पंगतीत बसवलं आणि सांगितलं, "सर, साडी परत झाली. आता लिहा." सर व्याकूळ झाले. "अहो, पण ही ती साडी नाही! तुम्ही मूळ पुराव्यात फेरफार करताय!" घाटाखालच्या वाङ्मयात ती नोंद अजून 'वादग्रस्त' अशीच आहे.

पीएच.डी. करणारा एक मुलगा मधे सरांकडे आला होता. दोन दिवस राहिला, काकूंच्या हातची झुणका-भाकर खाल्ली, सगळ्या वह्यांचे फोटो काढले आणि वर्षभरात डॉक्टर झाला. छापील प्रबंधाच्या ऋणनिर्देशात सरांचं आडनाव चुकलेलं होतं. मला संताप आला. सरांनी मात्र तो प्रबंध खाकी कागदात घालून कपाटात ठेवला आणि वर चिठ्ठी लावली: 'प्रस्तुत लेखकाचा पहिला छापील उल्लेख (अपभ्रष्ट).' 'पहिला' हा शब्द त्यांनी आयुष्यात एवढ्या एकाच ठिकाणी बिनदिक्कत वापरला.

गेल्या पावसाळ्यात सर पाय घसरून पडले आणि महिनाभर खाटेवर होते. तेव्हा त्यांनी मला कपाट उघडून साद्यंत इतिहासाचं हस्तलिखित 'व्यवस्थित लावायला' सांगितलं. सातही खंड मी चाळले. पहिल्यात उल्का. दुसऱ्या-तिसऱ्यात टाचणं. चौथ्या-पाचव्यात प्रश्न. सहाव्यात अकोल्याचा पत्रव्यवहार. पण सातवा खंड मात्र पूर्ण होता, शाईने लिहिलेला, समास सोडलेला, शुद्धलेखन तपासलेलं. त्याचं शीर्षक 'ऋणनिर्देश'.

बावीस वर्षांत ज्यांनी ज्यांनी माळ्यावरची ट्रंक उघडू दिली, दुपारची झोप मोडू दिली, आजीची आठवण काढली, तिकिटामागे गावाचं नाव लिहून दिलं, त्या सगळ्यांची नावं त्यात होती, गाव आणि तारखेसह. कंडक्टर, न्हावी, देवळातला पुजारी, पेटी दुरुस्त करणारा, सुभद्रेची सून. 'झोपेतून उठवल्यावरही भर उन्हात समाधी दाखवणारे' असा शेरा असलेले नवरीचे मामा. 'नक्कल नाकारणारे, परंतु पिण्यास थंड पाणी देणारे' कचेरीतले बाबू. अकोल्याचे प्रतिस्पर्धी, 'ज्यांच्या चुकांशिवाय हे काम उभे राहिले नसते'. प्रत्येक नावापुढे त्या घरात काय होतं, काय उरलं, कशाला वाळवी लागली, हे दोन-दोन ओळींत. त्या व्यापाऱ्याने विचारलं होतं, तेव्हा आमच्याकडचे लोक काय करत होते? उत्तर इथे होतं. नाटकं करत होते, साड्या उसन्या आणत होते, परत करत नव्हते, आणि वह्या जपून ठेवत होते. सरांनी इतिहास लिहून टाकला आहे. त्यांना वाटतंय की ते अजून प्रस्तावनेत आहेत.

मी तसं म्हणालो तर सर खाटेवरून म्हणाले, "पुरावा?"

सर आता पुन्हा हिंडू-फिरू लागले आहेत. तुमच्या घरी माळ्यावर नाटकाची वही, कंपनीची जाहिरात, आजोबांचा दाढी-मिशीचा डबा, असं काही असेल तर दिवाळीच्या झाडलोटीआधी खामगावच्या बसस्टँडवर कुठल्याही कंडक्टरला सांगा. निरोप पोचतो. फक्त घरात कुणाची उसनी साडी असेल, तर आधी ती परत करून टाका.